खंडोबाचा किडा व राबाची काडी

भात निसवूं लागलें म्हणजे ठाणें व कल्याण तालुक्यांत बांधावरील झुडपांत एक मोठा हिरवा कीटक पुढील दोन पाय जोडून निश्चल बसलेला आढळतो. ह्यास खंडोबाचा किडा किंवा प्रार्थनाकीटक म्हणतात. येऊरच्या रानापासून डोंबिवलीच्या घरांतील दिव्यापर्यंत त्याचा संचार आहे. नाकतोड्यासारखा दिसतो म्हणून कित्येक शेतकरी बंधु त्यास पिकाचा शत्रु समजून मारतात. हा गैरसमज दूर व्हावा म्हणून हा लेखनप्रपंच.

ह्या कीटकांत हायरोड्यूला नांवाच्या गटांतील जाति विशेष मोठ्या. मादी तीन इंचांपर्यंत वाढते. रंग बहुधा हिरवा, क्वचित् तपकिरी. तो पिकाचें पान मुळींच खात नाहीं, जिवंत भक्ष्यावरच जगतो. त्याचे पुढील पाय काटेरी असून अडकित्त्याप्रमाणें मिटतात. मान वळवून तो मागेंही पाहूं शकतो. त्याच्या छातीच्या खालच्या अंगास एकच कान असतो, असें १९८६ सालीं अमेरिकेंतील शास्त्रज्ञांनीं प्रसिद्ध केलें. मनुष्यास ऐकूं न येणारा वटवाघुळाचा आवाज त्यास ऐकूं येतो. त्याची शक्ति एवढी कीं, कर्नाटकांतील एका गच्चीवरच्या बागेंत ह्या गटांतील एका नरानें पाच दिवसांत कुंडांतील नऊ लहान मासे धरून खाल्ल्याचें वृत्त २०१८ सालीं प्रसिद्ध झालें.

तथापि त्याची फाजील स्तुति आम्ही करीत नाहीं. तो मधमाशी खातो, फुलपाखरूं खातो, प्रसंगीं मादी नरासही खाते. भाताचा खोडकिडा दांड्याच्या आंत राहतो. तेथें ह्याचे पाय पोहोंचत नाहींत. खोडकिड्याचा पतंग, टोळ, अळ्या मात्र त्याच्या तावडींत सांपडतात. तो रामबाण औषध नव्हे. फुकटचा राखणदार आहे.

आतां मुख्य मुद्दा. मादी काडीवर फेस सोडून त्यांत अंडीं घालते. फेस वाळून मातकट, कठीण कोश बनतो. एका कोशांतून शंभरावर पिलें निघूं शकतात. राबासाठीं आपण कवळ तोडतों, कुंपण छाटतों, तेव्हां असे कोश काडीसह जळून जातात. आम्हीं स्वतः मातीचा गोळा समजून ते राबांत टाकलेले आहेत, हें कबूल करावयास हवें.

उपाय सोपा आहे. कोश दिसल्यास तो खरवडूं नये. वीतभर काडी तोडून, राबाच्या आगीपासून दूर, मुंग्या नसलेल्या झुडपास होती तशीच उभी बांधावी. कोशावर टांचणीच्या टोकाएवढीं पुष्कळ भोकें असल्यास परोपजीवी माशीनें तो पोखरला असें समजावें. ज्या बांधावर कोश बांधला, तेथें विषारी औषध फवारूं नये; नाहींतर किडीआधीं राखणदारच मरावयाचा.

राब भाजण्यापूर्वीं ढिगावर एकदां नजर फिरविण्यास दमडीही पडत नाहीं. एवढें आमच्या वाचकांनीं यंदा करून पाहावें.