प्रकाशामागचे शहर

ऑक्सफर्डच्या जॉर्डन कॉलेजात विद्वानांची एक बैठकीची खोली आहे. बायकांना तिथे मज्जाव. त्या खोलीतल्या कपाटात लायरा नावाची मुलगी श्वास रोखून बसली आहे. बाहेर लॉर्ड अॅस्रिएल दिव्याच्या यंत्रातून पडद्यावर चित्रे टाकत आहेत. उत्तरेच्या बर्फात एक माणूस हात वर करून उभा आहे. साध्या रसायनावर घेतलेल्या चित्रात एवढेच दिसते. खास रसायनावरचे चित्र येते, तेव्हा आकाशातून प्रकाशाची धार त्या माणसावर उतरताना दिसते. शेजारच्या लहान मुलाकडे ती वळतच नाही. मग येतो ध्रुवीय प्रकाशाचा झुलता पडदा, आणि त्याच्या आत मनोरे, घुमट, तटबंदी. एक अख्खे शहर.

हे जॉर्डन कॉलेज कुठल्या नकाशावर सापडायचे नाही. फिलिप पुलमन यांच्या ‘नॉर्दर्न लाइट्स’ (१९९५) या कादंबरीच्या सुरुवातीचा हा प्रसंग. पुढे ‘द सटल नाइफ’ (१९९७) आणि ‘द अँबर स्पायग्लास’ (२०००) आल्या आणि ‘हिज डार्क मटेरियल्स’ ही त्रयी पूर्ण झाली. या त्रयीतला ध्रुवीय प्रकाश दोन जगांच्या सीमेवर पेटलेला आहे. त्यातले विद्युतभारित कण जगाचे द्रव्य विरळ करतात, म्हणून पलीकडचे शहर दिसते. मुळात रहस्य आहे ते ‘धूळ’ या अदृश्य गोष्टीचे. तिच्या कणांना शोधकाच्या नावावरून रुसाकोव्ह कण म्हणतात. ती मोठ्या माणसांभोवती गोळा होते, लहान मुलांना फारशी शिवत नाही.

शहर कल्पनेतले असले तरी त्याच्यापुढचा पडदा खरा आहे. सूर्याकडून आलेले भारित कण आणि पृथ्वीचे चुंबकीय क्षेत्र यांच्या ओढाताणीतून वेग घेतलेले इलेक्ट्रॉन ध्रुवांजवळ खाली उतरतात आणि साधारण १०० किलोमीटर व त्याहून अधिक उंचीवर ऑक्सिजन-नायट्रोजनवर आदळतात. उजळते ती हवा. येणारा कण अखेरपर्यंत अदृश्यच राहतो. नॉर्वेच्या क्रिस्टियान बर्कलंड यांनी निर्वात पेटीत चुंबकीय गोळा टांगून त्यावर इलेक्ट्रॉनांचा झोत सोडला, तेव्हा गोळ्याच्या ध्रुवांभोवती प्रकाशाची कडी उमटली. त्यांनी कल्पिलेले विद्युतप्रवाह आकाशात खरोखर आहेत, याचा पुरावा उपग्रहांनी दिला, तोही १९६० च्या दशकात. बर्कलंड १९१७ मध्येच गेले होते.

या प्रकाशातली ५५७.७ नॅनोमीटरची हिरवी रेषा तर शास्त्रज्ञांना कितीतरी वर्षे चकवत राहिली. स्वीडनच्या अँगस्ट्रॉम यांनी ती १८६० च्या दशकात नोंदवली. प्रयोगशाळेतला कुठलाच वायू ती देईना. १९२५ मध्ये टोरांटोच्या मॅक्लेनन आणि श्रम यांनी उलगडा केला, आणि निघाला तो आपला रोजचा ऑक्सिजन. ही रेषा उत्सर्जित व्हायला अणूला सुमारे पाऊण सेकंद निवांत राहावे लागते. ६३० नॅनोमीटरच्या लाल रेषेला तर जवळजवळ दोन मिनिटे लागतात. दाट हवेत अणूला तेवढी उसंतच नसते, आधीच दुसरा अणू येऊन धडकतो. म्हणून लाल प्रकाश उमटतो तो सुमारे २०० किलोमीटरच्या वर, विरळ हवेत. भौतिकशास्त्र या रेषांना ‘निषिद्ध’ म्हणते, म्हणजे सहसा न घडणाऱ्या.

लायराच्या जगात निषिद्ध हा हुकूम असतो. धूळ म्हणजे मूळ पापाचा पुरावा, असे तिथल्या धर्मसत्तेने ठरवले आहे. त्या जगात माणसाचा आत्मा प्राण्याच्या रूपाने त्याच्यासोबत वावरतो. धुळीचा निकाल लावण्यासाठी बोलवांगारच्या केंद्रात पळवून आणलेल्या मुलांपासून त्यांचे हे सोबती तोडले जातात. अॅस्रिएल या धर्मसत्तेचा कट्टर वैरी. पण स्वालबार्डच्या बर्फात तोही तेच करतो. रॉजर या लायराच्या मित्राला त्याच्या सोबत्यापासून तोडून, त्यातून सुटलेल्या ऊर्जेने तो आकाश उघडतो. प्रकाशातल्या शहराकडे जाणारा पूल उभा राहतो तो स्वयंपाकघरात राबणाऱ्या एका पोराच्या जिवावर.

पुलमन यांनी याला दिलेले उत्तर मला फार मोलाचे वाटते. तिसऱ्या खंडात मेरी मलोन ही आपल्या जगातली भौतिकशास्त्रज्ञ आहे. ती परक्या जगातल्या रहिवाशांमध्ये राहते, त्यांची भाषा शिकते. झाडाच्या चिकापासून केलेल्या लाखेचे थरावर थर चढवून ती दोन पारदर्शक चकत्या तयार करते. त्यांना तिथल्या बियांचे तेल लागते, आणि त्यांतून बघताच धूळ दिसू लागते. ती झाडावर चढून दिवसचे दिवस पाहत राहते. धूळ फुलांवर न पडता समुद्राकडे वाहून चालली आहे आणि म्हणून झाडे मरत आहेत, हे तिच्या ध्यानात येते. अॅस्रिएलने आकाश फाडले. मेरीने नुसते पाहिले, आणि जग कशाने आजारी आहे ते तिला कळले.

मेरीसारखी चिकाटी आपल्या मुंबईतही होती. १ सप्टेंबर १८५९ रोजी इंग्लंडमध्ये रिचर्ड कॅरिंग्टन यांनी सूर्यावर एक लख्ख झळाळी पाहिली. दुसऱ्या दिवशी कुलाबा वेधशाळेतल्या निरीक्षकांनी चुंबकीय क्षेत्राचा क्षैतिज घटक सुमारे १,६०० नॅनोटेस्लांनी कोसळल्याची नोंद केली. त्या महावादळाचा आवाका आज समजून घेताना जगभरचे अभ्यासक या नोंदींकडे वळतात. ४ फेब्रुवारी १८७२ च्या वादळात तर मुंबईतूनही ध्रुवीय प्रकाश दिसल्याची नोंद आहे. मे २०२४ मध्ये लडाखच्या हानले इथे क्षितिजावर लाल आभा उमटली. इतक्या दक्षिणेकडून दिसतो तो पडद्याचा फक्त वरचा काठ, म्हणजे त्या संथ, निषिद्ध रेषेचाच रंग.

विजेच्या ट्रामगाड्यांमुळे मुंबईतली चुंबकीय मोजमापे बिघडणार हे दिसताच, १९०४ मध्ये हे काम अलिबागला नेले. तिथली इमारत चुंबकत्व नसलेल्या दगडाची बांधली, कारण सह्याद्रीचा काळा दगड चुंबकसुईला स्वतःकडे ओढतो. पायाखालचा, हक्काचा दगड बाजूला ठेवून घर बांधायचे, ते एवढ्यासाठी की वर काय चालले आहे ते त्या सुईला निखळ कळावे. मेरीच्या लाखेच्या चकत्यांशेजारी मला हे घर दिसते.