उकिडवे बसणे आणि गुडघ्याचा सांधा

पूर्ण बैठकांनी गुडघ्याचे अस्थिबंध सैल पडतात, असे टेक्सास विद्यापीठातील कार्ल क्लाइन यांनी १९६१ साली प्रतिपादिले. (आमच्या तालमींतील मल्लांस याचे नवलच वाटले असते!) पुढील मोजमापांनी त्या मतास दुजोरा दिला नाही. तथापि एवढ्यावरून तासन्‌तास उकिडवे बसणे निरुपद्रवी ठरत नाही. बीजिंगमधील वृद्धांच्या २००४ साली प्रसिद्ध झालेल्या पाहणीत, तरुणपणी रोज ३ तास वा अधिक काळ तसे बसणाऱ्यांच्या गुडघ्यांत सांध्याची झीज अधिक आढळली. कूर्चेत रक्तवाहिन्या नसतात; दाब पडून सुटण्याच्या क्रियेने सांध्यातील द्रवातून तिचे पोषण होते. बैठकांत हा दाब क्षणोक्षणी बदलतो, बसून राहण्यात तो तसाच टिकतो. दुखऱ्या गुडघ्यास बैठकांची आवर्तने प्रथम खुर्चीच्या उंचीपर्यंतच द्यावीत. वेदना न वाढल्यास खोली क्रमाने वाढवावी.