...आणि परत

तिसरीत माझ्या भूगोलाच्या वहीवर मॅटरहॉर्नचं शिखर होतं आणि गणिताच्या वहीवर पिरॅमिड. वडील फोर्टात नोकरीला होते. डी. एन. रोडवरच्या थॉमस कुकच्या ऑफिसात त्यांच्या ओळखीचे एक गृहस्थ होते, ते मोसम संपला की उरलेल्या माहितीपत्रकांचा गठ्ठा द्यायचे. वह्यांना तेच कव्हर. कागद इतका गुळगुळीत की नावाची चिठ्ठी त्यावर टिकायची नाही. डिंक सुकला की टपकन खाली पडायची, आणि बाई विचारायच्या, ही वही कोणाची? घरातलं कुणी तोवर परदेशी सोडाच, गुजरातच्या पलीकडे गेलेलं नव्हतं.

तेव्हापासून या कंपनीचा नाद लागला तो सुटलेला नाही. रद्दीवाल्याकडून जुनी वेळापत्रकं घे, कुणाच्या आजोबांचा ट्रॅव्हलर्स चेकचा रिकामा बटवा माग, असले उद्योग मी वीस-पंचवीस वर्षं करतोय. कुकची मूळ कथा सगळ्यांना माहीत आहे. १८४१ साली लेस्टरहून लफबरोपर्यंत दारूबंदीवाल्या पाचेकशे मंडळींना एक शिलिंगात आगगाडीने नेऊन आणणारा बाप्टिस्ट प्रचारक, पुढे स्वित्झर्लंड, इजिप्त, पॅलेस्टाइन, १८७२-७३ मधली २२२ दिवसांची जगप्रदक्षिणा, आणि १८८१ मध्ये मुंबईत ऑफिस. हे सगळं पर्यटनाच्या पाठ्यपुस्तकात पहिल्या पानावर असतं. पाठ्यपुस्तकात सहसा नसतं ते मला एका पुस्तिकेच्या मुखपृष्ठावर सापडलं.

ही पुस्तिका १८८६ सालची, लंडनमध्ये छापलेली, 'खासगी वितरणासाठी'. नाव लांबलचक, त्या काळाच्या रीतीप्रमाणे अर्धं पान व्यापणारं. मराठीत सांगायचं तर असं: 'मक्केची यात्रा. हिंदुस्थानच्या सर्व भागांतून जेद्दामार्गे मक्का, मदिना इत्यादी ठिकाणी जाणाऱ्या आणि परत येणाऱ्या मुसलमान यात्रेकरूंच्या हालचालींच्या नियंत्रणासाठी हिंदुस्थान सरकारने थॉमस कुक आणि सन यांची एजंट म्हणून केलेली नेमणूक.' म्हणजे पॅकेज टूरच्या जनकाची कंपनी सरकारी आशीर्वादाने हजचं काम बघत होती! स्कॅन केलेली ती प्रत मी पहिल्यांदा पाहिली तेव्हा रात्रीचे दीड वाजले होते आणि मी बायकोला उठवून ती दाखवली. तिने विचारलं, मग? प्रश्न रास्त होता.

या नावात दोन शब्द आहेत ज्यांच्यावरून माझी नजर हटत नाही. एक 'नियंत्रण'. दुसरा मूळ इंग्रजी नावात अगदी शेवटी, जेमतेम दोन चिमुकले शब्द, शीर्षकाच्या शेपटीला: 'आणि परत'. सरकारला 'नियंत्रण' हवं होतं हे उघड आहे. पण सगळं घोडं अडलं होतं ते 'आणि परत' पाशी.

त्या काळात हिंदुस्थानातून हजला निघणाऱ्यांचं मुख्य बंदर मुंबई. भोपाळची सिकंदर बेगम १८६३-६४ मध्ये इथूनच आगबोटीने गेली होती. पण बेगम कशीही गेली असती. प्रश्न होता तो डेकवरून जाणाऱ्याचा. गावात जमिनीचा तुकडा विकून, चार घरांतून उसने घेऊन तो मुंबईत उतरायचा, आणि स्टेशनातून बाहेर पडतो न पडतो तोच दलाल त्याचं बोचकं उचलायचा. बोट उद्या सुटणार म्हणून तिकीट विकलं जायचं. ती उद्या सुटत नसे, परवाही नाही. बोट भरली की सुटायची. तोपर्यंत मुसाफिराने मुंबईत खायचं काय, तर परतीसाठी बाजूला ठेवलेले पैसे. एरवी माल वाहणाऱ्या बोटी मोसमापुरत्या माणसं भरायच्या. जेद्दाला पोचेपर्यंत कनवटीला जे उरलं असेल ते मुतव्विफाकडे, म्हणजे मक्केतल्या मार्गदर्शकाकडे जायचं. आपल्याकडे काशीचे पंडे जिल्ह्याजिल्ह्यांचे यजमान वाटून घेतात तशीच मुतव्विफांमध्ये प्रांतवार, देशवार वाटणी असे. हज पूर्ण व्हायचा. आणि मग जेद्दाच्या रस्त्यांवर हिंदुस्थानी हाजी भीक मागताना दिसायचे, कारण परतीचं भाडं उरलेलं नसायचं.

यावर साधा उपाय प्रत्येक अधिकाऱ्याला सुचला होता: निघतानाच परतीचं तिकीट सक्तीचं करा. इस्लामनेही हज ऐपत असलेल्यावरच फर्ज केला आहे, असा युक्तिवादही झाला. पण १८५७ नंतर राणीच्या जाहीरनाम्याने धर्मात ढवळाढवळ न करण्याचं वचन दिलेलं. सक्ती केली आणि मशिदीतून ओरड झाली तर? सरकार कचरलं आणि पुढची कित्येक दशकं कचरतच राहिलं. परतीचं तिकीट किंवा तेवढी रक्कम आधी भरण्याची अट कायद्यात यायला १९२० चं दशक उजाडलं. मला या सावधपणात धर्माचा आदर कमी आणि कातडी बचावण्याची कला जास्त दिसते.

दुसऱ्या बाजूने युरोपचा दाब होता. १८६५ मध्ये हजच्या गर्दीत कॉलरा पसरला, तो हाजींबरोबर इजिप्तमार्गे युरोपात पोचला, आणि पुढच्याच वर्षी कॉन्स्टँटिनोपलला आंतरराष्ट्रीय आरोग्य परिषद भरली. तांबड्या समुद्रात कामरान बेटावर तुर्कांनी विलगीकरणाचा तळ उभा केला. एकूण काय, गरीब हाजी हा एकाएकी जागतिक राजकारणाचा विषय झाला.

त्यात 'जेद्दा' प्रकरण घडलं. याच नावाची आगबोट १८८० च्या जुलैत पिनांगहून साडेनऊशेच्या वर हाजी घेऊन निघाली. आफ्रिकेच्या टोकाजवळ बोटीत पाणी शिरलं. कप्तान क्लार्क, त्याची बायको आणि गोरे अधिकारी एका होडीत बसून पसार झाले. दुसऱ्या बोटीने त्यांना वाचवून एडनला नेलं, आणि तिथे त्यांनी 'जेद्दा' बुडाल्याची खबर दिली. दुसऱ्या दिवशी 'जेद्दा' एडनच्या बंदरात दाखल झाली. एका जहाजाने ओढत आणलेली, हाजींसकट. उपसणी पंपावर हाजी स्वतः राबले होते. कप्तानाचा परवाना किती काळासाठी काढून घेतला? तीन वर्षं. जोसेफ कॉनरॅडने यावर पुढे 'लॉर्ड जिम' लिहिली आणि पळून गेलेल्या गोऱ्या अधिकाऱ्याच्या मनातली बोच जगभर अभ्यासाला लागली. पंप मारणाऱ्यांवर कादंबरी कोणी लिहिली नाही.

अशा सगळ्या बदनामीनंतर व्हाइसरॉय लॉर्ड डफरिनच्या सरकारने कुककडे पाहिलं. कुकची पत तेव्हा जोरात होती. खार्टूममध्ये अडकलेल्या गॉर्डनला सोडवायला निघालेली फौज १८८४ मध्ये नाइलवरून वर चढवण्याचं कंत्राट याच कंपनीने निभावलं होतं. गॉर्डन वाचला नाही, ती गोष्ट वेगळी. जो सैन्य पोचवतो तो हाजी का नाही पोचवणार?

पण हे काम घेणारा कुक म्हणजे थॉमस नव्हे, त्याचा मुलगा जॉन मेसन. आणि इथे मला या घराण्याचं भांडण आडवं येतं. थॉमस म्हातारा धर्मवेडा. सहलीला जाताना पत्रकं वाटणारा, धंद्याच्या पैशातून मिशनना देणारा. जॉनला हे मुळीच खपत नसे. धंदा तो धंदा, देवधर्म घरी. १८७० च्या दशकाच्या शेवटी त्याने बापाला व्यवहारातून जवळजवळ बाहेर काढलं. थॉमसची नजरही पुढे गेली, आणि १८९२ मध्ये तो वारला. गंमत पाहा: धर्म आणि धंदा वेगळे ठेवण्यासाठी बापाशी भांडलेल्या या मुलाच्याच पदरात जगातल्या सर्वांत मोठ्या यात्रांपैकी एक पडली. १८८७ च्या राणीच्या ज्युबिलीसाठी हिंदुस्थानी संस्थानिकांना लवाजम्यासकट लंडनला नेण्यासाठी याच कंपनीने वेगळं खातं उघडलं होतं. एकाच कंपनीच्या एका टेबलावर महाराजे, दुसऱ्यावर डेकचे मुसाफिर.

जॉनची योजना कागदावर देखणी होती. गावाजवळच्या रेल्वे स्टेशनातच जेद्दापर्यंतचं एकत्र तिकीट, बोटीची ठरलेली तारीख, दलालाला मधे जागाच नाही. तोटा आला तर सरकार भरून देणार. मग फसलं कुठे? कुकला मक्तेदारी मिळालेली नव्हती. दलाल होते तिथेच होते, त्यांच्या स्वस्त बोटी होत्या तशाच होत्या, आणि दलाल यात्रेकरूशी त्याच्या भाषेत बोलायचा, उधारीवर निजायला जागा द्यायचा. जॉन मेसनच्या खिडकीत त्याला छापील तिकीट मिळायचं, त्यापुढे काही नाही. इथे मी जरा दलालाच्या बाजूने बोलतोय हे मला कळतंय. पण परमुलखात बोचकं उचलणारा माणूस चोर असला तरी तो पहिला भेटतो, हे टूरवाल्यांना आजही पुरतं उमगलेलं नाही. १८९३ मध्ये कुकचं हे काम संपलं. त्याच वर्षीच्या हजमध्ये कॉलऱ्याने हजारो माणसं नेली.

या सगळ्यात मला ज्या माणसाबद्दल ओढ वाटते तो कुकचा नोकर नव्हताच. डॉ. अब्दुर रझ्झाक. सरकारी नोकरीतला असिस्टंट सर्जन. १८७८ मध्ये सरकारने त्याला यात्रेकरूंबरोबर पाठवलं, डोळ्यांनी बघून अहवाल लिही म्हणून. १८८२ मध्ये तो जेद्दाला ब्रिटिश उपवकील, म्हणजे व्हाइस-कॉन्सल, झाला. कारण साधं होतं: इंग्रज वकिलाला मक्केत पाऊल टाकता येत नव्हतं, रझ्झाकला येत होतं. म्हणून तो एकाच वेळी डॉक्टर, उपवकील आणि सरकारचे डोळे. हाजींना तो आपला माणूस वाटायचा की सरकारचा? सरकारला तो पूर्ण आपला वाटत होता का? दोन्ही बाजूंनी संशयात राहून या माणसाने तेरा वर्षं तिथे काढली. रोगराई, लुबाडणूक आणि रस्त्यावर उरलेले भिकारी हाजी यांची नोंद करत. ३० मे १८९५ च्या संध्याकाळी जेद्दाच्या वेशीबाहेर रझ्झाकबरोबर फिरायला गेलेल्या युरोपियन वकिलांच्या टोळक्यावर बेदुइनांनी गोळ्या झाडल्या. बाकीचे जखमी झाले. रझ्झाक मेला. त्याच सुमारास मक्केत कपडे निर्जंतुक करण्यासाठी आणलेलं वाफेचं यंत्र जमावाने फोडलं. आरोग्याच्या नावाखाली परके लोक पवित्र भूमीत हात घालताहेत हा राग शिगेला पोचलेला होता, आणि त्या रागाला सापडला तो नेमका मुसलमान डॉक्टर.

पुढच्याच वर्षी मुंबईत प्लेग आला आणि १८९७ मध्ये सरकारने हजच बंद ठेवला. ढवळाढवळ न करण्याचं वचन तेव्हा आड आलं नाही.

मधली शंभर वर्षं मी पळत ओलांडतो. कुकच्या नातवांनी १९२८ मध्ये कंपनी विकली, १९४८ मध्ये ती ब्रिटिश सरकारची झाली, १९७२ मध्ये पुन्हा खासगी. मुंबईहून हाजींची शेवटची बोट १९९५ मध्ये गेली. १९५० मध्ये जगभरात परदेशी जाणारे पर्यटक अडीच कोटी होते; २०२४ मध्ये सुमारे १४० कोटी. कोविडची खोल दरी चार वर्षांत जवळपास भरून निघाली, आणि व्हेनिसला आता दिवसभरासाठी येणाऱ्याकडून गर्दीच्या दिवशी प्रवेशशुल्क घ्यावं लागतं.

२३ सप्टेंबर २०१९ च्या पहाटे, सोमवारी, कर्जाखाली दबलेली ब्रिटनमधली थॉमस कुक १७८ वर्षांनी बंद पडली. दीड लाख ब्रिटिश पर्यटक बाहेर अडकले. त्यांना आणण्याचं काम ब्रिटिश सरकारने केलं, भाड्याच्या विमानांनी. त्या मोहिमेला नाव काय दिलं? ऑपरेशन मॅटरहॉर्न. माझ्या भूगोलाच्या वहीवरचं. (इथल्या थॉमस कुकला निवेदन काढावं लागलं की बाबांनो, आमचा तिकडच्या कंपनीशी २०१२ पासून संबंध नाही.) आणि त्याच आठवड्यात, शुक्रवारी, सौदी अरेबियाने इतिहासात पहिल्यांदा ४९ देशांच्या लोकांना सरसकट पर्यटक व्हिसा उघडला.

त्या व्हिसाचं पुढे काय झालं ते २०२४ च्या जूनमध्ये दिसलं. मक्केत पारा पन्नाशीच्या वर. १,३०१ हाजी दगावले, आणि सौदी सरकारच्या सांगण्यानुसार त्यांतले ८३ टक्के हजच्या परवान्याशिवाय आलेले, कित्येक तर पर्यटक व्हिसावर. परवाना नाही म्हणून वातानुकूलित तंबू नाही, बस नाही. उन्हात चालत गेले. इजिप्तने असे हाजी पाठवणाऱ्या १६ प्रवासी कंपन्यांचे परवाने काढून घेतले. २०२५ मध्ये आपल्याकडे खासगी टूरवाल्यांच्या साडेबावन्न हजार जागांपैकी बहुतेक मुदतीत पूर्तता न झाल्याने हुकल्या; सरकारी पातळीवर बोलणी होऊन दहा हजारांसाठी पोर्टल पुन्हा उघडलं. मोसम, दलाल, सरकार. क्रमही तोच.

डी. एन. रोडवरची थॉमस कुकची बिल्डिंग आणि सीएसएमटीजवळचं हज हाउस यांच्यात पायी फार अंतर नाही. हजच्या मोसमात मी मुद्दाम त्या बाजूने जातो. फूटपाथवर बॅगांची रांग असते. प्रत्येकीवर ऑइलपेंटने नाव, गाव, हजच्या अर्जाचा कव्हर नंबर. मागच्या वेळी महाडकडचे एक आजोबा पिंपळाच्या पारावर बसावं तसे आपल्या बॅगेवर बसले होते. चश्मा आत गेला म्हणून त्यांनी हातातला कागद माझ्यापुढे धरला. मी वरून वाचायला सुरुवात केली, विमानाची वेळ, टर्मिनल. त्यांनी हात हलवला.

"ते पोरांना पाठ आहे बाबा. खालची ओळ वाच. परतीची."