पांढरीतलं धन : तेरचे वस्तुसंग्रहालय



लागण, खोडवा, खते आणि पाणी यांविषयी आपण नेहमीच बोलतो. आज गोष्ट जमिनीचीच, पण जरा निराळी.

धाराशिव जिल्ह्यात तेरणाकाठी तेर हे गाव आहे. गोरोबाकाकांचे गाव म्हणून वारकरी त्याला ओळखतात. दोन हजार वर्षांपूर्वी मात्र ही 'तगर' नावाची मोठी पेठ होती. त्या काळच्या एका ग्रीक व्यापारी पुस्तकात पैठणपासून पूर्वेला दहा दिवसांच्या वाटेवर तगर असल्याची नोंद आहे. इथले कापड गाड्यांतून भडोच बंदरापर्यंत जायचे. रस्ते नाहीत, डांबर नाही, तरी माल पोचत होता!

गावचे व्यापारी रामलिंगप्पा लामतुरे यांनी तेरच्या पांढरीत सापडणाऱ्या वस्तू वर्षानुवर्षे जमवल्या. आपण खापर म्हणून फेकतो, ते त्यांनी जपले. आज त्यांच्याच नावाच्या सरकारी संग्रहालयात सातवाहनकाळची नाणी, मणी, शंखाच्या बांगड्या, मातीच्या मूर्ती पाहायला मिळतात. तेरला सापडलेल्या हस्तिदंती स्त्रीमूर्तीसारखीच एक मूर्ती १९३८ साली इटलीतल्या पाँपेईत निघाली. ते शहर इ. स. ७९ मध्ये ज्वालामुखीखाली गाडले गेले होते. म्हणजे आपला व्यापार कुठवर होता, बघा.

आता मुद्द्याचे. पांढरीची माती कसदार म्हणून शेतात ओढायची आपली जुनी चाल. पूर्वी बैलगाडी होती, आता जेसीबी. एका दिवसात टेकाड सपाट! थर मोडला, की वस्तू कोणत्या काळची हे सांगणे अवघड होते. उसाला कस हवा तर शेणखत, प्रेसमड, ताग-धैंचा आहेच. त्यासाठी पांढर उकरायला नको.

नांगरताना काही सापडले तर? १८७८ च्या गुप्तधनाच्या कायद्याप्रमाणे दहा रुपयांवरची वस्तू जिल्हाधिकाऱ्यांना लेखी कळवावी लागते. "कळवलं की सगळं गेलं" ही भीती खोटी. वस्तू बेवारस ठरून सरकारने घेतली, तर किंमत आणि वर तिचा पाचवा हिस्सा देण्याची तरतूद त्याच कायद्यात आहे. लपवणाऱ्याचा मात्र हक्क जातो आणि शिक्षाही होऊ शकते.

गाळप संपल्यावर तुळजापूरला जाल, तेव्हा वाट थोडी वाकडी करून तेरला जा. पोरांनाही न्या. आपल्या रानाखाली काय असू शकते, ते त्यांना कळू द्या.

— ऊस विकास अधिकारी