६७ वॅटच्या चार्जरने कंट्रोलर जळतो का?

ज्यांना ऐकण्यापेक्षा वाचायला बरं पडतं त्यांच्यासाठी या भागाचा हा मजकूर. बोलताना जिथे जिथे अडखळलो ते काढून टाकलंय, बाकी जसंच्या तसं.

आजचा विषय माझ्या एका चुकीवरून निघालाय. बारावीच्या वर्षी मी दादाच्या पीएस फोरचा कंट्रोलर आईकडे दिला आणि सांगितलं, परीक्षा होईपर्यंत देऊ नकोस. आईने तो कपाटात साड्यांच्या खाली ठेवला. देताना तो पूर्ण उतरलेला होता, म्हणजे शेवटची मॅच खेळता खेळताच बंद पडला होता. सात-आठ महिन्यांनी सीईटी संपली, कंट्रोलर बाहेर काढला, फोनच्या ६७ वॅटच्या चार्जरला लावला. काहीच नाही! दिवा नाही, हूं नाही की चूं नाही.

दादा तेव्हा पुण्याहून आला होता. पहिल्या पगारातून घेतलेली वस्तू ती. तो फक्त एवढंच म्हणाला, "फोनच्या चार्जरला लावलास ना? जाळलास." दुकानात नेला तर तिथले काका न उघडताच म्हणाले, "बोर्ड गेलाय, नवीन घ्या." नवीन म्हणजे पाच-सहा हजार. माझ्याकडे होते साडेतीनशे.

मग मी वाचायला बसलो. आणि पहिली गोष्ट कळली ती ही, की चार्जरवर ६७ वॅट लिहिलंय म्हणून तो कंट्रोलरमध्ये ६७ वॅट ढकलत नाही. पंगतीत वाढप्याच्या हातात जिलबीची परात भरलेली असते, पण ताटात किती घ्यायच्या हे जेवणारा ठरवतो ना, तसंच. फास्ट चार्जर सुरुवातीला साधे ५ व्होल्टच देतो. समोरचा फोन त्याच्याशी ठरलेल्या भाषेत बोलला, "मला जास्त चालेल" म्हणाला, तरच तो पुढे जातो. कंट्रोलर असं काही म्हणतच नाही. तो ५ व्होल्ट घेतो आणि करंट किती ओढायचा हे त्याच्या आतलं सर्किट ठरवतं. (ताटावर हात आडवा धरला तरी आग्रहाने वाढणारा वाढपीही असतो. तो म्हणजे फूटपाथवरचा बिननावाचा चार्जर, ज्याचे ५ व्होल्ट खरंच ५ असतील याची खात्री नाही. त्याला मात्र काही लावू नका, कंट्रोलर नाही आणि फोनही नाही.)

थोडं गणित करू, सोपं आहे. पीएस फाइव्हच्या ड्युअलसेन्स कंट्रोलरमध्ये १५६० एमएएचची बॅटरी असते, ३.६५ व्होल्टची. गुणाकार केला की साधारण ५.७ वॅट-अवर. तुमच्या ५००० एमएएचच्या फोनमध्ये १९ च्या आसपास असतात, म्हणजे कंट्रोलर फोनच्या तिसऱ्या हिश्श्याएवढाही नाही. आता साधा जुना यूएसबी पोर्ट ५ व्होल्टला अर्धा अँपिअर देतो, म्हणजे अडीच वॅट. ५.७ भागिले २.५, सव्वादोन तास. त्यात थोडी उष्णतेत जाणारी वीज धरा, आणि शेवटी शेवटी चार्जिंग मुद्दाम हळू होतं ते धरा. झाले तीन तास. कंपनीही साधारण तेवढेच सांगते. त्यामुळे ६७ वॅटचा चार्जर लावून कंट्रोलर वीस मिनिटांत भरेल ही आशाही सोडा. भीती खोटी आणि आशाही खोटी.

मग कधी कधी चांगल्या चार्जरलाही कंट्रोलर चार्ज का होत नाही? इथे केबल आणि पोर्ट येतात. जुन्या पीएस थ्रीचा कंट्रोलर ज्यांच्या घरी आहे त्यांनी हे अनुभवलं असेल: भिंतीवरच्या बहुतेक चार्जरना तो दादच देत नाही, टीव्हीखालच्या कन्सोलला लावला की लगेच चार्ज होतो. यूएसबीच्या जुन्या नियमात वस्तूने आधी समोरच्या कॉम्प्युटरची परवानगी घ्यायची आणि मगच जास्त करंट ओढायचा, असं होतं. तो कंट्रोलर बिचारा परवानगीची वाट बघत बसतो आणि भिंतीवरच्या चार्जरला बोलताच येत नाही. पीएस फोरपासून ही कटकट गेली.

आता नवी कटकट टाइप-सीची. ऑनलाइन घेतलेले काही स्वस्त कंट्रोलर दोन्ही बाजूंना टाइप-सी असलेल्या केबलने चार्ज होत नाहीत, पण एका बाजूला जुना चपटा यूएसबी असलेल्या केबलने लगेच होतात. कारण टाइप-सी पोर्टमध्ये "मी इथे आहे, वीज दे" असं सांगणारे दोन छोटे रेझिस्टर लागतात आणि पैसे वाचवायला ते बसवलेलेच नसतात. ते दिसले नाहीत की टाइप-सी चार्जर वीज सोडतच नाही. वस्तू परत करायच्या आधी केबल बदलून बघा.

आणि हो, पीएस फोरच्या कंट्रोलरचा मायक्रो यूएसबी पोर्ट. केबल लावून खेळायचं, उत्साहात हात हलवायचे, मग तो ढिला होतोच. आत एका छोट्या वेगळ्या पट्टीवर बसवलेला असतो आणि ती पट्टी स्वस्तात मिळते. "बोर्ड गेलाय" म्हणणाऱ्याला विचारा, कुठला बोर्ड?

माझ्या कंट्रोलरचा पोर्ट मात्र ठणठणीत होता. मारलं होतं ते कपाटाने. म्हणजे मीच.

लिथियम बॅटरी पूर्ण भरली की ४.२ व्होल्टवर असते. उतरत उतरत साधारण ३ व्होल्टपाशी आली की कंट्रोलर "आता पुरे" म्हणून बंद होतो. आपल्याला वाटतं शून्य झाली. पण तिथून पुढेही ती उतरतच असते: सेल स्वतः हळूहळू उतरतो आणि आतलं सर्किट थेंब थेंब पीत असतं. अडीच व्होल्टच्याही खाली बराच काळ पडून राहिली तर आतलं तांबं विरघळायला लागतं. मग सर्किट तिला चार्ज करायलाच नकार देतं, आणि ते बरोबर करतं, कारण अशी बॅटरी जबरदस्तीने भरली तर आत शॉर्ट होऊन पेटू शकते. व्हिडिओंमध्ये ९ व्होल्टची बॅटरी टेकवून "जिवंत" करून दाखवतात ना, ते करू नका.

कंट्रोलर काही महिने ठेवायचाच असेल तर अर्धा भरून ठेवा आणि दोन-तीन महिन्यांनी एकदा लावा. जागा थंड हवी. चार्जिंगसाठी कंपनी १० ते ३० अंश तापमान सांगते. मे महिन्यात जळगाव-नागपूरला ते कुठून आणायचं ते तुम्हीच बघा, पण निदान कन्सोलच्या मागच्या गरम झोतात तरी ठेवू नका. रात्रभर लावला तर काय, असं आई विचारते. भरला की आतलं सर्किट चार्जिंग थांबवतं. फक्त उशीखाली किंवा गोधडीत नको.

एक्सबॉक्सवाल्यांचं जग वेगळं. तिथे २००५ च्या एक्सबॉक्स ३६० पासून दोन पेन्सिल सेल. साधे सेल चार्जरमध्ये घालू नका, गळतात. रिचार्जेबल जोडी घ्या, आणि एक नवा एक जुना असं मिसळू नका. हे सेल १.२ व्होल्टचे असतात, त्यामुळे बॅटरीची खूण कमी दिसली तरी घाबरायचं नाही.

तर माझ्या साडेतीनशेत मित्राने दोनशे घातले आणि बॅटरी मागवली. एक सावधगिरी: पीएस फोरच्या जुन्या आणि नंतरच्या कंट्रोलरमध्ये बॅटरीचा कनेक्टर वेगळा असतो, म्हणून आधी उघडून बघितलं आणि मग मागवली. मागे चार स्क्रू. जुनी बॅटरी फुगलेली नव्हती, नाहीतर हात लावला नसता. फुगलेली असेल, कंट्रोलरची कड उसवल्यासारखी दिसत असेल, तर चार्जिंग बंद, टोचायची नाही, ई-कचऱ्यात. दादा शेजारी हाताची घडी घालून उभा. केबल लावली, तोच ६७ वॅटचा चार्जर, आणि पट्टीवर नारिंगी दिवा हळूच उजळून मंद व्हायला लागला.

दादा म्हणाला, "बरं." आणि कंट्रोलर पुण्याला घेऊन गेला.

त्यामुळे मी आता सेकंडहँड शोधतोय. भेटल्यावर विकणाऱ्यालाच केबल लावायला सांगतो, प्लग थोडा हलवून बघतो, कड चाचपतो, आणि विचारतो, शेवटचा कधी वापरलात? "वर्षभर कपाटातच आहे, अगदी नवा" असं कोणी म्हणालं की बॅटरीचे पैसे आधी वजा करतो. चला, भेटू पुढच्या भागात.