चिं. त्र्यं. खानोलकर यांच्या साहित्यावरील चित्रपट

चिंतामण त्र्यंबक खानोलकर (८ मार्च १९३० – २६ एप्रिल १९७६) हे मराठी कादंबरीकार व नाटककार होते. कविता त्यांनी ‘आरती प्रभू’ या नावाने लिहिल्या. त्यांच्या लेखनावर आधारलेले ‘चानी’, ‘कोंडुरा’ आणि ‘अनकही’ हे तीनही चित्रपट त्यांच्या मृत्यूनंतर प्रदर्शित झाले.

खानोलकरांचा जन्म तेंडोली गावातील बागलांची राई येथे झाला. हा भाग तेव्हा रत्नागिरी जिल्ह्यात होता; १९८१ पासून तो सिंधुदुर्गात मोडतो. कुडाळला त्यांनी काही काळ खानावळ चालवली. पुढे ते मुंबई आकाशवाणीवर नोकरीस होते.

‘चानी’ (१९७७) हा व्ही. शांताराम यांनी दिग्दर्शित केलेला मराठी चित्रपट. इंग्रज पित्यापासून जन्मलेल्या, म्हणून समाजाने दूर लोटलेल्या मुलीची ही कथा असून मुख्य भूमिका रंजना यांची आहे.

श्याम बेनेगल यांचा ‘कोंडुरा’ (१९७८) हा १९६६ च्या त्याच नावाच्या कादंबरीवर आधारित आहे. कोंडुरा हे वेंगुर्ल्याजवळचे समुद्रकाठचे खरे ठिकाण. कादंबरीतील भय आणि श्रद्धा यांचे मूळ या किनाऱ्यात आहे. बेनेगलांनी मात्र कथा आंध्रात नेली आणि ‘अनुग्रहम’ या नावाने तेलुगू आवृत्तीही काढली. परशुराम (अनंत नाग) यास कोंडुरास्वामी (अमरीश पुरी) गर्भपात घडविणारी मुळी देतो. त्या बदल्यात त्याने ब्रह्मचर्य पाळावयाचे असते. दैवी साक्षात्कार की मनाचा खेळ, हा प्रश्न चित्रपट उघडाच ठेवतो, आणि त्या अनिश्चिततेची किंमत परशुरामापेक्षा भोवतालच्या स्त्रियांना अधिक मोजावी लागते. स्मिता पाटील व वाणिश्री यांच्या भूमिका त्यामुळेच महत्त्वाच्या ठरतात. गावदेव आणि कौल यांच्या आधारे निर्णय घेणाऱ्या कोकणी समाजाला हा पेच नवा नव्हता. परिसर बदलूनही कथा तग धरते, याचे एक कारण हे असावे.

‘कालाय तस्मै नमः’ या नाटकावरून अमोल पालेकर यांनी ‘अनकही’ हा हिंदी चित्रपट दिग्दर्शित केला. मुलाची पहिली पत्नी बाळंतपणात मरेल असे भविष्य ज्योतिषी पिता वर्तवतो; प्रेयसीला वाचविण्यासाठी मुलगा आधी एका भोळ्या मुलीशी लग्न करतो. तिला मृत्यूसाठीच निवडले आहे, हे तिला ठाऊक नसते. या चित्रपटासाठी संगीतकार जयदेव व गायक भीमसेन जोशी यांना राष्ट्रीय पुरस्कार मिळाले.