झाडीपट्टीतले जिवंत पार्श्वसंगीत

सिनेमात दृश्ये जुळवून झाली की मग संगीतकार आणि ध्वनिसंयोजक स्टुडिओत बसून त्यांवर आवाज चढवतात. गडचिरोली जिल्ह्याच्या कुरखेडा-वडसा भागातल्या झाडीपट्टी नाटकात मात्र हे सगळे प्रेक्षकांदेखत, त्याच क्षणी घडते. दिवाळीनंतर हंगाम सुरू होतो. दिवसा शंकरपट म्हणजे बैलांच्या शर्यती, रात्री नाटक. वादक रंगमंचासमोर बसतात: ऑर्गन, तबला आणि ऑक्टोपॅड, म्हणजे काठीने वाजवायचे इलेक्ट्रॉनिक तालवाद्य. गाणी नट स्वतः गातात, ध्वनिमुद्रित नव्हे.

खरी कसोटी गद्य प्रवेशात लागते. खलनायकाने दार ढकलले की ऑक्टोपॅडवर काठी पडते. वीज, थप्पड, बंदुकीचा बार त्याच पॅडमधून निघतात. काठी क्षणभर उशिरा पडली, तर थप्पड हास्यास्पद होते. आई मुलाला निरोप देताना ऑर्गनचा एकच सूर लांबतो, आणि नटाने वाक्य ताणले तर वादकालाही तो ताणावाच लागतो. सिनेमाच्या संगीतकाराला ही कसरत नसते, कारण त्याचा नट पडद्यावर आधीच बांधलेला असतो.

याच रंगभूमीवर हजारो प्रयोग केलेले कुरखेडा तालुक्यातील गुरनोलीचे परशुराम खुणे यांना 2023 मध्ये पद्मश्री जाहीर झाली. वादकांची नावे मात्र क्वचितच कुणाच्या लक्षात राहतात.